मियागावा, काझुओ
(२५ फेब्रुवारी १९०८ – ७ ऑगस्ट १९९९). जपानी छायालेखक. जन्म क्योटोचा. लहानपणीच शाईचित्रकला शिकल्याने काळ्या-पांढऱ्यामधल्या असंख्य करड्या छटा ओळखणारी नजर त्यांना लाभली. निक्कात्सु कंपनीच्या फिल्म प्रयोगशाळेतून ते कॅमेऱ्याकडे वळले.

युद्धोत्तर जपानी चित्रपट जगापुढे आला तो दिग्दर्शक अकिरा कुरोसावांच्या ‘राशोमोन’मुळे (१९५०). त्या यशात मियागावांचा वाटा फार मोठा. दाट रानात उजेड पोचेना, तेव्हा त्यांनी आरशांनी ऊन वळवून नटांच्या चेहऱ्यांवर पाडले. कॅमेरा थेट सूर्यावर रोखला. त्या काळी हे धाडसच होते. राखाडी आभाळापुढे पाऊस उठून दिसावा म्हणून पाण्यात काळी शाई मिसळली गेली. १९५१ मध्ये चित्रपटाला व्हेनिस चित्रपट महोत्सवाचा सुवर्णसिंह पुरस्कार मिळाला.

दिग्दर्शक केंजी मिझोगुचींसाठी मात्र त्यांचा कॅमेरा अगदी वेगळा वागतो. ‘उगेत्सु’त (१९५३) तो क्रेनवरून धीम्या लयीत सरकतो, आणि जिवंत माणसांच्या जगातून भुतांच्या जगात कधी शिरलो हे प्रेक्षकाला कळतही नाही. छायालेखनातली ही त्यांची सर्वोच्च कामगिरी मानावी लागेल.

यासुजिरो ओझूंचा रंगीत ‘फ्लोटिंग वीड्स’ (१९५९) त्यांनीच चित्रित केला. कोन इचिकावांच्या ‘ओतोतो’साठी (१९६०) रंगीत फिल्म धुताना एरवी काढून टाकली जाणारी चांदी मुद्दाम राखून त्यांनी फिके, उदास रंग साधले.