चित्रफितीचा आकार घटवताना

जून २०२० मध्ये बुलडाणा जिल्ह्यातील लोणार सरोवराचे पाणी गुलाबी झाले आणि त्याची चित्रणे देशभर फिरली. खारट पाण्यात वाढणाऱ्या हॅलोआर्किया या सूक्ष्मजीवांमुळे हा रंग आल्याचे पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेला आढळले. अशा घटनेची चित्रफीत ही एक नोंदही असते. आकार घटवताना तिचा रंग आणि तपशील शाबूत राहायला हवेत.

फाइलचा आकार मुख्यतः बिटरेटवर, म्हणजे दर सेकंदाला खर्च होणाऱ्या माहितीवर ठरतो. सेकंदाला २० मेगाबिट या दराने दहा मिनिटांचे चित्रण १५०० मेगाबाइट भरते. ५ मेगाबिटवर ३७५. कोडेक प्रत्येक फ्रेम नव्याने साठवत नाही, बहुतेक वेळा आधीच्या फ्रेमपेक्षा जे बदलले तेवढेच नोंदवतो. म्हणूनच कॅमेरा स्टँडवर ठेवून टिपलेले लोणारचे संथ पाणी थोडक्या जागेत मावते. शेगावच्या पालखीत मात्र पताका, टाळकरी, गर्दी असे सारेच हलते. दोन्हींना एकच बिटरेट देणे म्हणजे एकीकडे उधळपट्टी आणि दुसरीकडे उपासमार होय.

त्यामुळे बिटरेटऐवजी दर्जा ठरवून द्यावा. हँडब्रेक या मोफत सॉफ्टवेअरमध्ये ‘कॉन्स्टंट क्वालिटी’ची सोय आहे. १०८०पी चित्रणासाठी २० ते २४ हा आकडा सुचवला जातो. आकडा लहान, तितकी फाइल मोठी. आधी एक मिनिटाचा तुकडा २२ वर करून पाहावा. २००३ च्या एच.२६४ ऐवजी २०१३ चे एच.२६५ वापरल्यास तेवढ्याच दर्जाला सुमारे निम्मी जागा पुरते, पण जुन्या टीव्हीवर ते चालेलच असे नाही. ‘स्लो’ प्रीसेटला वेळ लागतो, तो द्यावा.

तुकडा मोठ्या पडद्यावर तपासावा. मोबाइलवर सगळेच छान दिसते! आकाश किंवा सलग पाण्यावर पट्टे उमटले, गर्दीतल्या चेहऱ्यांवर चौकोन दिसले, तर आकडा दोनने कमी करावा.

व्हॉट्सअॅपवर नेहमीप्रमाणे व्हिडिओ पाठवल्यास तो पुन्हा दाबला जातो. ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवल्यास फाइल जशीच्या तशी पोहोचते. दर संकोचनात थोडा तपशील कायमचा जातो, म्हणून प्रतीची प्रत काढू नये. मूळ फाइल हार्ड डिस्कवर ठेवावी आणि लहान प्रत शेवटपर्यंत पाहिल्याखेरीज मोबाइलमधून पुसू नये.