गाण्याखाली नाव कुणाचं?



देवाचं गाणं बायकांच्या तोंडी कायमच होतं. जात्यावर, पाळण्याशी, एकादशीच्या भजनात. गाणं राहिलं, पण गाणारीचं नाव राहिलं का? आज त्याचा थोडा इतिहास पाहू.

जनाबाई मूळची गंगाखेडची. पंढरपुरात नामदेवांच्या घरी दळण-कांडण करायची. तिनं अभंगाच्या शेवटी स्वतःचं नाव गुंफलं. स्वतःला दासी म्हणवलं, पण नाव सोडलं नाही. म्हणून जवळजवळ सातशे वर्षांनंतरही तो अभंग जनीचा म्हणून ओळखला जातो. आपल्या ओव्यांचं उलट झालं. ओवीत भावाचं नाव येतं, लेकाचं येतं, विठ्ठलाचं तर येतंच. गाणारीचं मात्र क्वचितच येतं.

पुढे गाण्याच्या तबकड्या आल्या. 1902 मध्ये कलकत्त्याला गौहर जान यांचं गाणं ध्वनिमुद्रित झालं. गाणं संपलं की त्या आपलं नाव मोठ्यानं सांगत. तबकड्या जर्मनीत तयार व्हायच्या आणि तिथल्या कामगारांना कुणाचं गाणं ते कळावं लागे. कारण कामापुरतं होतं, पण बाईनं स्वतःच्या तोंडानं घेतलेलं नाव कायमचं राहिलं.

तरीही घरंदाज बाईनं लोकांपुढे गाऊ नये, असंच तेव्हा मानत. 1905 मध्ये मिरजेला जन्मलेल्या हिराबाई बडोदेकरांनी ही समजूत बदलायला मोठा हातभार लावला. त्यांच्या आई ताराबाई माने यांनी नवऱ्यापासून वेगळं होऊन मुलं वाढवली. हिराबाई साडी नेसून शांतपणे बसत आणि तिकीट काढून आलेल्या लोकांसमोर ख्याल गात, नाट्यगीत गात, भजनही गात. 1970 मध्ये त्यांना पद्मभूषण मिळालं. ते पाहून कितीतरी घरांनी मुलींना गाणं शिकू दिलं.

हे आपल्याकडेच घडलं असं नाही. आपल्या जंजिऱ्याच्या सिद्दींचे पूर्वज आफ्रिकेतून आले. त्याच आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर, आजच्या घानातल्या बंदरांत, शंभरेक वर्षांपूर्वी हायलाइफ नावाचं संगीत तयार झालं. खलाशांची गिटार, पलटणीच्या बँडची पितळी वाद्यं आणि तिथला स्वतःचा ठेका, असं ते मिश्रण. आपल्या भजनात परदेशातून आलेली पेटी मिसळली, तसंच. पण नाच-गाण्याच्या बँडमध्ये जाणाऱ्या मुलीला तिथंही नावं ठेवत. पुढे चर्चमधली भक्तिगीतं याच चालीवर होऊ लागली, तेव्हा बायकांना मानानं गायची जागा मिळाली. देवाच्या गाण्यानं दोन्हीकडे बाईला दार उघडून दिलं.

आपल्याकडे हेमा राईरकर आणि गी पॉइटेविन यांनी गावोगावच्या सोबत्यांना घेऊन एक लाखाहून जास्त ओव्या जमवल्या. त्यांनी ओवीबरोबर बाईचं नाव आणि गावही लिहून ठेवलं. मला हे काम फार मोलाचं वाटतं. नाव नसलं की ओवी "पारंपरिक" ठरते, आणि पारंपरिक म्हटलं की ती कुणीही उचलतं.

आपल्या गटात आपण कर्जाचा हप्ता लिहितो, बचत लिहितो, सही करतो. मग गाणं का लिहू नये? गिरणी आली तसं जातं कोपऱ्यात गेलं. ज्यांना ओव्या येतात त्या आता आजी झाल्या आहेत. पुढच्या बैठकीला एक वही वेगळी ठेवा. आजीला विचारून, तिची परवानगी घेऊन मोबाईलवर ओवी टिपा. आधी तिला तिचं पूर्ण नाव सांगायला लावा. मग माहेरचं गाव, ओवी कुणाकडून शिकली ते आणि तारीख.

ती म्हणेल, "माझं नाव कशाला गं?" तेव्हा तिला जनीची आठवण करून द्या.