दादर टी.टी. आणि चाळीसगावचा टांगा

दादर पूर्वेला उतरून राजगृहाकडे जाणाऱ्या आपल्या पोरांना बसच्या पाटीवरचे ‘दादर टी.टी.’ वाचून प्रश्न पडतो. टी.टी. म्हणजे तिकीट तपासनीस नव्हे, ट्राम टर्मिनस. बोरीबंदरची ट्राम इथे येऊन थांबायची, आणि इथेच बसही मिळायची. मुंबईतली शेवटची ट्राम ३१ मार्च १९६४ च्या रात्री याच मार्गावर धावली. पुढे रूळ गेले, नाव तेवढे राहिले.

ट्रामच्या आठवणी निघाल्या की एक गोष्ट हमखास ऐकवली जाते. ट्रामच्या बाकावर सगळे शेजारी-शेजारी बसले आणि शहरातली जात गळून पडली म्हणे! साफ खोटे. त्याच बाकावरून उठून गिरणीत गेलेल्या अस्पृश्य कामगाराला विणकाम खात्यात प्रवेश नव्हता. तिथे धोट्यातला धागा तोंडाने ओढावा लागे आणि स्पृश्य कामगारांना त्याचा विटाळ होई. ट्रामने जात मोडली नाही. तिने नेमके काय केले, ते कळायला मुंबईबाहेर चाळीसगावला जावे लागेल.

२३ ऑक्टोबर १९२९. बाबासाहेब तेव्हा बॅरिस्टर होते, मुंबई कायदेमंडळाचे सदस्य होते आणि अस्पृश्यांच्या तक्रारींची चौकशी करणाऱ्या सरकारी समितीवर होते. धुळ्याहून परतताना ते चाळीसगावला उतरले. घ्यायला आलेल्या महारवाड्यातल्या लोकांनी त्यांना स्टेशनवर तासभर थांबवून ठेवले. मग टांगा आला. पण हाकणारा नवखा. वाटेत एका मोटारीची धडक थोडक्यात चुकली. पुढे नदीवरच्या मोरीवर चाक अडकले, घोडा टांग्यासकट खाली गेला आणि बाबासाहेब दगडांवर आपटले. पाय मोडला. कारण त्यांना नंतर कळले. अस्पृश्याला बसवून टांगा हाकायला एकही टांगेवाला तयार नव्हता. पाहुण्याला पायी नेणे महारवाड्याला अपमानाचे वाटले. शेवटी एक टांगेवाला टांगा भाड्याने द्यायला राजी झाला, पण हाकणार नाही म्हणाला. म्हणून आपल्यातल्याच एकाने लगाम धरला.

टांगा त्या माणसाचा होता. कोणाला बसवायचे ते तोच ठरवणार. ट्रामच्या चालकाला ही मुभा नव्हती. मार्ग ठरलेला, भाडे ठरलेले, पगार कंपनीचा. तोही जात मानत असेलच. पण गाडी सुटताना त्याचे मत कोणी विचारत नव्हते.

आता कोणी म्हणेल, ट्राम कंपनीही खासगीच होती. होती. ९ मे १८७४ ला घोड्यांची ट्राम सुरू झाली, १९०७ ला विजेची, १५ जुलै १९२६ ला बस. सगळे कंपनीच्या नफ्यासाठी. पण ती महापालिकेशी झालेल्या कराराने बांधलेली होती. टांगेवाला फक्त जातीच्या नियमाने बांधलेला होता. मुंबईत महापालिकेने ७ ऑगस्ट १९४७ ला ही सेवा ताब्यात घेतली. गावोगावचे टांगे आणि गाड्या मात्र होत्या तशाच राहिल्या. १९५५ च्या अस्पृश्यता (गुन्हे) कायद्याच्या कलम ४ मध्ये सार्वजनिक वाहन नाकारणे हा गुन्हा ठरवावा लागला, तो उगाच नाही.

सेवा सार्वजनिक झाल्यावर आपल्याला सीटच मिळाली असे नाही. आरक्षणाने ड्रायव्हर, कंडक्टर, मेकॅनिक म्हणून नोकरीही मिळाली. त्या पगारावर घरे उभी राहिली, मुले शिकली. आज मात्र बेस्टच्या रंगातल्या कितीतरी बस कंत्राटदारांच्या आहेत. बस कंत्राटदाराची, चालकही कंत्राटदाराचा, आणि त्या भरतीला आरक्षण लागू नाही. गाडी ज्याची तोच ठरवणार, हा चाळीसगावचा कायदा आता नोकरीच्या दारातून आत आला आहे.

६ डिसेंबरला दादरला जादा बस सुटतात, आणि त्या सुटाव्यात म्हणून आपण निवेदने देतो. ती दिलीच पाहिजेत. पण ७ डिसेंबरला त्या बसचा चालक कोणाचा नोकर असतो, हा प्रश्न आपल्या निवेदनांत क्वचितच दिसतो.