घरच्या सहा जणांत एकच गेम लायब्ररी : 'स्टीम फॅमिली' अडली तर काय तपासायचं?

मोरजी : पेडणे तालुक्यातलं कुटुंब हल्ली एका छपराखाली क्वचितच सापडतं. आईवडील मोरजीत, थोरला मुलगा पुण्याला नोकरीत, मुलगी पणजीला हॉस्टेलवर, मामाचं बिऱ्हाड बांद्याला आणि एखादा काका दुबईत किंवा लंडनला. चतुर्थीला सगळे जमले की मुलांच्या लॅपटॉपवर एकच विषय निघतो. एकाने विकत घेतलेला गेम दुसऱ्याला का दिसत नाही? काल चालत होता, आज 'कॉपी वापरात आहे' असं का म्हणतो? मोठे गेम तीन-चार हजार रुपयांपर्यंत जातात, म्हणजे एकाच घरात तोच गेम तीनदा घेणं परवडणारं नाही. त्यासाठी सोय आहे. पण तिचे नियम न वाचता घाईने बटण दाबलं तर पुढचं वर्षभर हात बांधले जातात, आणि घरातल्या एकाची चूक दुसऱ्याच्या खात्याला भोवू शकते.

कॉम्प्युटरवरचे गेम विकत घेण्याचं सगळ्यात मोठं दुकान म्हणजे वाल्व्ह कंपनीचं 'स्टीम'. भारतात तिथल्या किमती 2015 पासून रुपयांत दिसतात. गेम वाटून खेळण्याची जुनी सोय 2013 मध्ये चाचणीला आली होती. तिच्यात एक मोठा खोडा होता. मालकाच्या लायब्ररीतला कुठलाही एक गेम कुणी उघडला की बाकीच्यांना ती सगळी लायब्ररी बंद. मार्च 2024 मध्ये 'स्टीम फॅमिलीज' ही नवी व्यवस्था चाचणीसाठी आली आणि 11 सप्टेंबर 2024 ला सगळ्यांना खुली झाली. यूट्यूबवरचे बरेच जुने व्हिडिओ अजून पहिल्याच पद्धतीचे आहेत. दुसऱ्याच्या कॉम्प्युटरवर लॉगिन करा, मशीनला परवानगी द्या, असं कुणी सांगत असेल तर ते आता लागू नाही.

नव्या पद्धतीत एका कुटुंबात सहा जण बसतात. प्रत्येकाचं खातं वेगळं, पासवर्ड वेगळा, गेममधली प्रगतीही वेगळी. सगळ्यांचे वाटता येणारे गेम मात्र एका ठिकाणी दिसतात. मुलगा क्रिकेटचा गेम खेळत असताना बहीण त्याच्याच लायब्ररीतला दुसरा गेम उघडू शकते. तोच गेम दोघांना एका वेळी हवा असेल तर घरात त्याच्या दोन प्रती लागतात. 'कॉपी वापरात आहे' या संदेशाचा अर्थ एवढाच. तो बिघाड नव्हे. रीस्टार्ट करून किंवा गेम पुन्हा डाउनलोड करून काही होणार नाही, कोण खेळतोय ते घरात विचारावं.

आमंत्रण जातं, पण स्वीकारता येत नाही

सर्वांत जास्त गोंधळ इथे होतो. स्टीमच्या सेटिंग्जमध्ये 'फॅमिली' या भागात जाऊन प्रौढ सदस्याने कुटुंब तयार करायचं आणि बाकीच्यांना आमंत्रण पाठवायचं. समोरचा ते स्वीकारायला जातो आणि नकार येतो. कारणं साधारण तीन.

पहिलं, देश. कुटुंबातल्या सगळ्यांच्या खात्याचा देश एकच असावा लागतो. पत्रादेवीचा नाका स्टीमला दिसत नाही, त्यामुळे मोरजी, बांदा, बेळगाव किंवा पुणे यात काही फरक नाही. सगळ्या खात्यांवर भारतच. पण दुबईतल्या काकाने तिथल्या कार्डाने खरेदी केली असेल तर त्याचं खातं अमिरातीचं, आणि पोर्तुगालमार्गे लंडनला स्थायिक झालेल्या भावाचं ब्रिटनचं. ते या कुटुंबात येऊ शकत नाहीत. देश बदलायचा तर माणूस खरोखर त्या देशात असायला हवा, तिथल्या पद्धतीने पैसे भरायला हवेत, आणि हा बदल तीन महिन्यांतून एकदाच करता येतो. व्हीपीएन लावून भारतात असल्याचं भासवणं हा स्टीमच्या कराराचा भंग आहे. त्यात खातंच अडकू शकतं. परदेशातून भेट म्हणून गेम पाठवायचा म्हटलं तरी दोन देशांतल्या किमतीत मोठी तफावत असेल तर भेट स्वीकारली जात नाही.

दुसरं, घर. कंपनी ही सोय एका घरात राहणाऱ्यांसाठी आहे असं स्पष्ट म्हणते, आणि खात्याचा वापर त्या घराशी जुळत नाही असं दिसलं तर प्रवेश नाकारते. हॉस्टेलवरची मुलगी ही घरचीच. बांद्याचा मामा कितीही जवळचा असला तरी त्याचं घर वेगळं. त्याला घ्यायची ओढाताण न केलेली बरी. शिकायला बाहेर असलेल्या मुलांचं आमंत्रण ती सुट्टीला घरी आली की घरच्याच वायफायवर स्वीकारावं, तेव्हा अडचण सहसा येत नाही. चतुर्थी किंवा मे महिन्याची सुट्टी यासाठी सोयीची.

तिसरं, मुदत. हे सगळ्यात महाग पडतं. एकदा कुटुंबात आलेला प्रौढ सदस्य केव्हाही बाहेर पडू शकतो, पण त्या कुटुंबात आल्याच्या तारखेपासून वर्ष भरेपर्यंत त्याला दुसऱ्या कुटुंबात जाता येत नाही किंवा नवं करता येत नाही. रिकामी झालेली जागाही वर्षाची मुदत संपेपर्यंत दुसऱ्याला देता येत नाही. कॉलेजातल्या मित्राला गंमत म्हणून घेतलं, महिन्याने काढलं, आणि मग धाकट्या भावाचं खातं उघडलं तर जागा अडलेली. म्हणून आधी कागदावर सहा नावं लिहावीत, मगच आमंत्रणं पाठवावीत.

गेम दिसतच नाही

दुकानातला प्रत्येक गेम वाटता येत नाही. हे ठरवायचा हक्क गेम बनवणाऱ्याचा. ज्या गेमला दुसऱ्या कंपनीचं खातं, वेगळी की किंवा मासिक वर्गणी लागते तो बहुधा वगळलेला असतो. खरेदीआधी गेमच्या पानावर उजव्या बाजूला वैशिष्ट्यांची यादी असते, तिच्यात 'फॅमिली शेअरिंग' लिहिलंय का ते बघावं. एवढं केलं तर अर्ध्या तक्रारी निर्माणच होणार नाहीत.

'काउंटर-स्ट्राइक 2' किंवा 'डोटा 2' असे फुकट गेम वाटले जात नाहीत, कारण ते प्रत्येकाला आपल्या खात्यावर फुकटच घेता येतात. त्यांच्यात पैसे देऊन घेतलेल्या वस्तू मात्र घेणाऱ्याकडेच राहतात. भावाने घेतलेली बंदुकीची नक्षी बहिणीच्या खात्यावर येणार नाही.

जादा भाग, म्हणजे डीएलसी, हा आणखी एक गुंता. मूळ गेम वडिलांचा असेल तर मुलाला त्याचा जादा भाग स्वतःच्या पैशाने घेता येत नाही. वडिलांनीच तो घ्यावा लागतो. घरात एकाच गेमच्या दोन प्रती असतील आणि एकीलाच जादा भाग जोडलेला असेल, तर आपण कुणाची प्रत उघडतोय ते 'प्ले' करण्याआधी निवडावं. भाग गायब झाला अशी ओरड बहुतेक वेळा चुकीची प्रत उघडल्याने होते.

सेव्ह केलेला खेळ हरवला

स्टीमवर प्रत्येकाची प्रगती वेगळी राहते, हे वर आलंच. तरीही काही गेम, विशेषतः जुने, सेव्ह फाइल स्टीमच्या खात्यानुसार न ठेवता विंडोजच्या फोल्डरात ठेवतात. घरात एकच कॉम्प्युटर, एकच विंडोज लॉगिन आणि दोन भावंडं असली की एकाच्या खेळावर दुसऱ्याचा खेळ चढतो. उपाय साधा आहे. विंडोजमध्येच दोघांना वेगवेगळी युजर खाती करून द्यावीत. हरवलेली फाइल त्याने परत येत नाही, पण पुढचं भांडण टळतं.

इंटरनेट आणि वीज

पावसाळ्यात किनारपट्टीच्या वाड्यांवर इंटरनेट कधी जाईल याचा नेम नसतो. वाटलेले गेम ऑफलाइन मोडमध्येही चालतात. फक्त इंटरनेट असतानाच आपल्या खात्याने लॉगिन करून तो गेम एकदा पूर्ण उघडून बघावा. लाइन गेल्यावर पहिल्यांदा ऑफलाइन जायला बघितलं तर अनेकदा जमत नाही.

मोठे गेम आता सहज 80-100 जीबीचे असतात. घरात तो एका कॉम्प्युटरवर असेल तर दुसऱ्यासाठी पुन्हा इंटरनेटवरून ओढायची गरज नाही. फेब्रुवारी 2023 पासून स्टीममध्ये एकाच नेटवर्कवरच्या दोन कॉम्प्युटरांत फाइल पाठवायची सोय आहे. सेटिंग्जमधल्या 'डाउनलोड्स' भागात ती सुरू करून कुणाला परवानगी द्यायची ते ठरवायचं. दोन्हीकडे खाती वेगळी असतील तर 'फक्त मी' ही निवड बदलावी लागते. राउटरला केबल जोडली तर काम वायफायपेक्षा झपाट्याने होतं.

परदेशातल्या भावाबरोबर खेळायचं असेल तर 2019 साली आलेलं 'रिमोट प्ले टुगेदर' बघावं. एका स्क्रीनवर दोघे-चौघे खेळतात अशा गेमसाठी ते आहे. गेम एकाकडेच असला तरी चालतो आणि इथे देशाची आडकाठी नाही. खेळ मालकाच्या कॉम्प्युटरवरून चित्र म्हणून जातो, त्यामुळे त्याच्याकडची अपलोडची गती चांगली हवी. मोबाइल हॉटस्पॉटवर हे रडतखडतच चालतं.

चीटिंगची शिक्षा मालकालाही

हा नियम पालकांनी नीट वाचावा. कुटुंबातल्या कुणी तुमची प्रत वापरून ऑनलाइन गेममध्ये चीट केलं आणि त्याच्यावर बंदी आली, तर त्या गेममध्ये तुमच्यावरही बंदी येते. बाकीच्या सदस्यांना धक्का लागत नाही, मालकाला लागतो. 'मी नव्हतो, धाकटा होता' हे कारण चालत नाही. चीटचं सॉफ्टवेअर फुकट मिळतं आणि शाळकरी मुलांना ती चेष्टा वाटते, धोका इथेच आहे. ज्याची ऑनलाइन गेममध्ये वर्षांची मेहनत आहे त्याने आपल्या कुटुंबात कोण आहे हे पक्कं ठाऊक असल्याशिवाय वाटणी सुरूच करू नये.

मुलांसाठी 'चाइल्ड' अशी वेगळी भूमिका देता येते. मग कुठले गेम दिसावेत, दिवसाला किती वेळ आणि कुठल्या तासांत खेळता यावं, दुकान आणि चॅट उघडं ठेवायचं की नाही, हे प्रौढ सदस्य आपल्या फोनवरून ठरवतो. मुलाला गेम हवा असेल तर तो खरेदीची विनंती पाठवतो आणि पैसे मोठा माणूस आपल्या खात्यावरून भरतो. मुलाच्या कॉम्प्युटरवर कार्ड जोडून ठेवायची किंवा ओटीपी सांगायची वेळ येत नाही. ही भूमिका असलेलं मूल स्वतःहून कुटुंबाबाहेर पडू शकत नाही, त्याला प्रौढ सदस्य किंवा स्टीमचा मदत विभागच काढतो. 13 वर्षांखालच्या मुलाला स्टीमच्या करारानुसार खातंच उघडता येत नाही. जन्मसाल खोटं टाकून उघडलेली खाती घरोघरी असतील, ते वेगळं.

फोन आणि कन्सोल

अँड्रॉइडवर गुगल प्लेची 'फॅमिली लायब्ररी' आहे. कुटुंब चालवणारा एक आणि इतर पाच जण, सगळे एकाच देशातले. विकत घेतलेले गेम वाटता येतात, गेमच्या आत घेतलेली नाणी, हिरे, पोशाख नाहीत. फोनवरचे बहुतेक लोकप्रिय गेम फुकट असून पैसा आतच जातो, त्यामुळे या सोयीचा उपयोग बेताचाच.

प्लेस्टेशन 5 वर 'कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले' हे सेटिंग एका खात्याला एकाच कन्सोलवर सुरू ठेवता येतं. ते घरच्या मशीनवर सुरू असलं की त्या मशीनवरचे इतर युजरही गेम खेळतात. जुना कन्सोल विकण्याआधी ते बंद करायला विसरू नये. एक्सबॉक्सवर हेच काम 'होम एक्सबॉक्स' करतो, आणि तो वर्षातून पाच वेळाच बदलता येतो.