गृहकर्जाचा एकूण खर्च
गृहकर्जाचा एकूण खर्च : घरासाठी घेतलेल्या कर्जाच्या पूर्ण मुदतीत ऋणको मुद्दल, व्याज व शुल्के मिळून फेडतो ती रक्कम. भारतात अशा कर्जाच्या संस्थात्मक प्रसाराला १९७७ मध्ये मुंबईत स्थापन झालेल्या एचडीएफसीपासून वेग आला. व्याज उरलेल्या मुद्दलावर लागते (पाहा : समान मासिक हप्ता), त्यामुळे ५० लाख रुपये, ८.५ टक्के, २० वर्षे अशा कर्जाच्या ४३,३९१ रुपयांच्या पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजातच जातात व एकूण फेड सुमारे १ कोटी ४ लाख होते. प्रक्रिया शुल्क, मुद्रांक शुल्क, विमा निराळे. दर चढल्यावर (पाहा : रेपो दर) अनेकदा हप्ता तोच राहून मुदत लांबते, वाढ पटकन लक्षात येत नाही ती यामुळेच. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना २०१२ पासून आकारता येत नाही.