किशोर वाचकाचा खिसा आणि मराठी लेखकाची उपजीविका

१९४५ साली कोल्हापूर संस्थानाने सार्वजनिक ग्रंथालयांचा कायदा केला. हिंदुस्थानात असा कायदा करण्याचा पहिला मान या संस्थानाकडे जातो. मद्रासचा कायदा १९४८ मधला. महाराष्ट्राचा तर १९६७ मधला. ग्रंथालयशास्त्राच्या पाठ्यपुस्तकांत ही नोंद हमखास सापडते. मराठी वाङ्मयाच्या इतिहासांत मात्र तिला जागा मिळालेली नाही, आणि याचे आश्चर्य वाटण्याचेही कारण नाही. आपल्याकडे वाङ्मयाचा इतिहास लेखक आणि कृती या दोन खांबांवर उभा असतो. पुस्तक कोणी विकत घेतले, कोणी वर्गणी भरली, लेखकाच्या घरची चूल कशावर चालली, हे प्रश्न चरित्राच्या तळटीपांत ढकलले जातात.

किशोर आणि कुमार वयाच्या वाचकासाठी झालेल्या लेखनाबाबत ही उपेक्षा अधिकच नडते. बालसाहित्याच्या प्रकरणाला जोडलेले शेपूट, एवढेच त्याचे आपल्या इतिहासांतील स्थान. त्याची चर्चाही बहुधा संस्कारांच्या अंगाने होते. प्रस्तुत लेखात हा प्रश्न दुसऱ्या बाजूने पाहावयाचा आहे. बारा ते वीस वयाचा वाचक हा वाचक असतो, पण बहुधा ग्राहक नसतो. वाचणारा एक आणि पैसे मोजणारा दुसरा. या फटीत मराठी लेखकाने आपली उपजीविका कशी उभी केली, किंवा का उभी करू शकला नाही, आणि त्या धडपडीचा कृतीच्या रूपावर काय परिणाम झाला, हा माझा विषय आहे. रोबेर एस्कार्पी यांनी १९५८ मध्ये साहित्याच्या समाजशास्त्राची मांडणी करताना लेखकाच्या जोडव्यवसायाचा विचार केला होता. मराठीत जोडव्यवसाय हा अपवाद नसून नियमच आहे. लेखन हाच बहुधा जोडव्यवसाय असतो.

आरंभ अमळनेरपासून करावा लागतो. साने गुरुजी १९२४ मध्ये तेथील प्रताप हायस्कुलात शिक्षक झाले आणि छात्रालयाची जबाबदारीही त्यांच्याकडे आली. छात्रालयातील मुलांसाठी ते हस्तलिखित दैनिक काढीत. १९२८ मध्ये त्यांनी 'विद्यार्थी' हे मासिक सुरू केले, आणि १९३० मध्ये नोकरी सोडून ते सत्याग्रहात गेले. या घटना चरित्रकारांनी गुरुजींच्या मुलांवरील प्रेमाचे दाखले म्हणून सांगितल्या आहेत. त्या तशा आहेतच. परंतु वाङ्मयव्यवहाराच्या दृष्टीने त्यांत आणखी एक गोष्ट दिसते. येथे पुस्तकाआधी वाचकसमूह तयार झाला आहे. लेखक रोज लिहितो, वाचक रोज वाचतो, लेखक वाचकाचा चेहरा पाहतो, आणि दुसऱ्या दिवशीचे लेखन त्या चेहऱ्याला दिलेले उत्तर असते. मूल्य शून्य, लेखकाचा निर्वाह शाळेच्या पगारावर.

'श्यामची आई' फेब्रुवारी १९३३ मध्ये नाशिकच्या तुरुंगात अवघ्या काही दिवसांत लिहिली गेली, याचे कौतुक नेहमी होते. पण तिच्या रूपाकडे पुरेसे लक्ष गेलेले नाही. तिला प्रकरणे नाहीत, 'रात्री' आहेत. श्याम रोज रात्री आश्रमातील सोबत्यांना एक आठवण सांगतो, श्रोते मध्ये बोलतात, आठवण संपते, उद्याची वाट पाहिली जाते. कादंबरी म्हणावे तर कथानक सलग नाही. आत्मचरित्र म्हणावे तर 'मी' आणि वाचक यांच्यामध्ये एक श्रोतृवृंद बसलेला आहे. माझ्या मते हा छात्रालयातील दैनिकाचाच घाट आहे. तुरुंगात कागदावर उतरलेल्या या कृतीने आपला वाचक आपल्या पोटातच वाहून आणला. पुढे या कृतीवर आचार्य अत्र्यांनी १९५३ मध्ये चित्रपट काढला आणि त्याला राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक लाभले. तोवर ते पुस्तक मुलगा स्वतः निवडतो असे राहिले नव्हते. पालक, शाळा आणि बक्षीस समारंभ ते निवडू लागले होते.

पालकाच्या खिशाचा हा कालखंड दीर्घ आहे. वासुदेव गोविंद आपटे यांनी १९०६ मध्ये 'आनंद' सुरू केले तेव्हापासून मुलांच्या मासिकाची वर्गणी वडील भरत आले. ज्याचा पैसा त्याची पसंती, हा नियम येथे शब्दशः लागू पडतो. मासिकातील गोष्ट मुलाला आवडावी, पण ती वडिलांना आक्षेपार्ह वाटू नये, अशा दुहेरी परीक्षेतून प्रत्येक लेखकाला जावे लागे. पुढे 'आनंद'ची धुरा वाहणारे गोपीनाथ तळवलकर पुणे आकाशवाणीच्या 'बालोद्यान'मध्ये 'नाना' झाले. संपादकाला आवाज मिळाला, आणि लेखकाच्या नावापेक्षा घरगुती संबोधन मोठे झाले. नभोवाणीने किशोर वाचकाच्या लेखकाला एक व्यक्तिमत्त्व धारण करायला लावले, ही गोष्ट पुढील विवेचनासाठी लक्षात ठेवण्याजोगी आहे.

या कालखंडात केवळ किशोर वाचकाच्या बळावर लेखक म्हणून उभे राहण्याचा सर्वांत जिद्दीचा प्रयत्न भा. रा. भागवतांचा. जन्म १९१० चा. १९५१ मध्ये त्यांनी 'बालमित्र' मासिक काढले. ते काही वर्षांतच थांबले. मुलांच्या खाजगी मासिकाचे मराठीतील सरासरी आयुष्य पाहता यात नवल नाही. 'किशोर' १९७१ पासून आजतागायत टिकले याचे कारण त्याच्या पाठीशी बालभारती, म्हणजे पाठ्यपुस्तकांचे मंडळ, उभे आहे. भागवतांच्या पाठीशी असे काही नव्हते. मग त्यांनी काय केले? एकीकडे ज्यूल व्हर्नच्या कादंबऱ्या मराठीत आणल्या. 'चंद्रावर स्वारी', 'पाताळलोकची अद्भुत यात्रा' ही नावे एका पिढीच्या तोंडी होती. दुसरीकडे फुरसुंगीचा बनेश फेणे निर्माण केला.

फास्टर फेणेच्या मालिकेवर लिहिणारे सहसा साहस, देशभक्ती, भाषेचा खेळकरपणा यांबद्दल लिहितात. ते योग्यच आहे. 'ट्टॉक्' हा उद्गार मराठी गद्याला भागवतांनी दिलेली देणगी आहे, असे मी वर्गातही म्हणतो आणि विद्यार्थी हसतात. पण मालिका हे रूपच का, याचा विचार व्हायला हवा. किशोर वाचक पाच-सहा वर्षांत हातचा जातो. तो मोठा होतो आणि दुसरीकडे वळतो. त्याच्या धाकट्या भावाला नव्याने मिळवावे लागते. प्रौढांसाठी लिहिणारा लेखक वाचकासह म्हातारा होऊ शकतो, किशोरांसाठी लिहिणाऱ्याला ती सोय नाही. म्हणून बन्या वाढत नाही. १९६२ चे चीनयुद्ध येते, काश्मीर येते, काळ सरकतो; सायकलवरचा हा किडकिडीत मुलगा विद्याभवन शाळेतच राहतो. वास्तववादाच्या कसोटीवर हा दोष ठरेल. वाचकवर्गाच्या दर पाच वर्षांनी होणाऱ्या नूतनीकरणाचे मात्र हे अचूक उत्तर आहे. दुसरे असे की या कथनात भागवत स्वतः डोकावतात. बन्याचा मित्र, त्याची हकीकत आपल्यापर्यंत पोहोचविणारा लेखक म्हणून ते वावरतात. २०१७ च्या चित्रपटात दिलीप प्रभावळकरांनी भा. रा. भागवतांचीच भूमिका केली. हे पटकथाकाराचे लहरी स्वातंत्र्य नव्हते, मूळ रचनेतच त्याचे बीज होते. 'नाना'प्रमाणे येथेही लेखक एक ओळखीचा माणूस बनतो.

आता कोल्हापूरकडे परतावे. १९४५ चा कायदा संस्थान १९४९ मध्ये मुंबई राज्यात विलीन झाल्यावर इतिहासजमा झाला, पण वाचनालयात जाण्याची सवय या शहरात त्याहून जुनी होती. करवीर नगर वाचन मंदिराची स्थापना १८५० ची. सार्वजनिक वाचनालये आणि गल्लीबोळांतील खाजगी फिरती वाचनालये, या दोहोंनी मिळून एक असा वाचक घडविला ज्याची नोंद समीक्षेने घेतली नाही. अकरावी-बारावीतला मुलगा, महाविद्यालयात नुकतीच गेलेली मुलगी, महिना अल्प वर्गणी भरून, स्वतःच्या पसंतीने, बहुधा वडिलांच्या नजरेआड पुस्तक घरी नेऊ लागली. हा वाचक पहिल्यांदाच थोडासा ग्राहक झाला.

याच व्यवस्थेवर बाबूराव अर्नाळकरांचे हजाराहून अधिक पुस्तकांचे साम्राज्य उभे राहिले. याच व्यवस्थेने कोल्हापुरातले बाबा कदम महाराष्ट्रभर नेले. कदम सरकारी वकिली करीत. संस्थानी वातावरण, घोडे, शिकार आणि न्यायालय हे त्यांचे साहित्य त्या पेशातून आणि या शहरातून आले. समीक्षेने त्यांना 'लोकप्रिय' हे विशेषण लावून बाजूला ठेवले. मराठी समीक्षेत हे विशेषण निकालपत्रासारखे वापरले जाते, पुढे युक्तिवाद होत नाही. कदमांच्या सगळ्याच कादंबऱ्या टिकतील असे मीही म्हणणार नाही. कितीतरी घाईत लिहिलेल्या आहेत. प्रश्न वेगळा आहे. ही घाई लेखकाच्या आळसाची की वाचनालयाच्या फळीची? फळीवर दर महिन्याला नवे पुस्तक हवे असते, आणि एकदा घेतलेली प्रत शंभरजण वाचतात. लेखकाला मानधन मात्र त्या एका प्रतीचे. शंभर वाचकांचा लेखक आणि एका प्रतीचा धनी, या विसंगतीतून विपुलता जन्माला येते.

सुहास शिरवळकर (१९४८–२००३) हे या व्यवस्थेचे सर्वांत बोलके अपत्य. फिरोज इराणी, मंदार पटवर्धन, दारा बुलंद या नायकांच्या रहस्यकथांनी त्यांनी वाचनालयाची फळी जिंकली, आणि त्या भांडवलावर 'दुनियादारी' लिहिली. १९८२ मधली ही कादंबरी महाविद्यालयीन मुलांच्या कट्ट्याची आहे, आणि तिच्यात कोणी वडीलधारा निवेदक शहाणपण सांगायला उभा नाही. अमेरिकेत एस. ई. हिंटन यांच्या १९६७ च्या 'द आउटसायडर्स'पासून तरुण वाचकांच्या कादंबरीचा स्वतंत्र विचार सुरू झाला असे मानतात. पण त्याआधी दहा वर्षे, १९५७ मध्ये, तेथील ग्रंथालय संघटनेने या वयासाठी वेगळा विभाग काढला होता. आधी फळी, मग वाङ्मयप्रकार. आपल्याकडे फळी होती, कृतीही झाली. तिला नाव देणारी संस्था आणि समीक्षा मात्र नव्हती. त्यामुळे 'दुनियादारी' ना किशोर साहित्यात गणली गेली, ना कादंबरीच्या इतिहासात. २०१३ मध्ये तिच्यावर चित्रपट आला तेव्हा अनेक प्राध्यापकांनी ती प्रथम वाचली. मी स्वतः त्यांच्यात नव्हतो, कारण मी ती अकरावीत वाचली होती. विभागात मात्र तिचे नाव मी बरीच वर्षे काढले नाही.

या पार्श्वभूमीवर आजच्या तरुण लेखकाकडे पाहावे. २०१४ मध्ये सुरू झालेल्या 'प्रतिलिपी'वर मराठीत क्रमशः कादंबऱ्या लिहिल्या जातात. 'स्टोरीटेल' २०१७ पासून मराठी पुस्तके ऐकवते. शिरवळकरांची 'समांतर' २०२० मध्ये वेबमालिका होऊन आली. शरद तांदळे यांनी भाषणांच्या चित्रफितींतून तरुण श्रोता मिळविला आणि 'रावण : राजा राक्षसांचा' स्वतःच्याच प्रकाशनसंस्थेतर्फे काढली. इंग्रजीत जॉन ग्रीन यांनी २००७ पासून भावासह चित्रफितींचा संवाद चालविला, आणि २०१२ मध्ये त्यांची 'द फॉल्ट इन अवर स्टार्स' आली तेव्हा तिचा वाचक आधीच जमलेला होता. आमच्या विद्यार्थ्यांतही भ्रमणध्वनीवर कथा लिहिणारे आहेत. या सगळ्याकडे अपूर्व घटना म्हणून पाहणारे एक मत आहे आणि वाङ्मयाचा अंत म्हणून पाहणारे दुसरे. दोन्हींना इतिहासाचा आधार नाही. रोजचे लेखन, समोर दिसणारा वाचक, पुस्तकाआधी जमलेला समूह, हे अमळनेरच्या छात्रालयात झालेले आहे. लेखकाने 'नाना' होणे पुणे आकाशवाणीवर झालेले आहे. न वाढणारा नायक फुरसुंगीहून आलेला आहे.

नवे आहे ते खिशाचे गणित. पालक बाजूला झाला, वाचनालयाची वर्गणीही बहुधा उरली नाही. किशोर वाचक आता पूर्णपणे स्वतः निवडतो आणि बहुतांशी काहीच मोजत नाही. काही ठिकाणी वाचकाने लेखकाला थेट वर्गणी देण्याची सोय आहे, पण मोठा पैसा येतो तो जाहिरातदाराकडून, आणि तो कृतीसाठी येत नाही, लेखकाच्या चेहऱ्यासाठी येतो. पालकाच्या पैशाने गोष्टीला बोध दिला, वाचनालयाने मालिका आणि विपुलता दिली. जाहिरातदाराचा पैसा लेखकाला सतत हजर राहायला लावतो. लिहिण्यात खंड पडला तरी चालेल, दिसण्यात पडता कामा नये. भालचंद्र नेमाडे यांनी साठोत्तरी काळात लेखकाचा 'लेखकराव' कसा होतो याची झडती घेतली होती. त्या लेखकरावाला निदान सत्कारासाठी आधी एखादे पुस्तक लिहावे लागे.

यावर आर्थिक नियतिवादाचा आक्षेप घेतला जाईल, आणि तो काही अंशी मला मान्य आहे. गुरुजींच्या दैनिकाला कोणताच ग्राहक नव्हता, तरी सर्वांत टिकाऊ घाट तेथूनच निघाला. मात्र त्यांच्या शून्य मूल्यामागे शाळेचा पगार होता, आणि वाचक त्यांचे स्वतःचे होते; मुलांच्या नावांची यादी कोणा कंपनीच्या दप्तरात नव्हती. आज व्यासपीठ बदलले तर लेखकाला आपल्या वाचकांचा पत्ताही ठाऊक नसतो. नियतकालिक बंद पडल्यावर भागवतांजवळ निदान वर्गणीदारांची वही उरली असेल.

इतिहासकारापुढची अडचण आणखी वेगळी आहे. 'किशोर'चे जुने अंक बालभारतीने आंतरजालावर विनामूल्य ठेवले आहेत. १९७१ चा मजकूर आज जसाच्या तसा पाहता येतो. क्रमशः लिहिणारा आजचा लेखक मात्र वाचकांचे अभिप्राय पाहून आधीचे भाग बदलतो, शेवट फिरवतो, कधी सारेच काढून टाकतो. त्या कृतीची पहिली आवृत्ती कोणती आणि संहिता कोणती मानायची, हा प्रश्न एका विद्यार्थिनीने आपल्या प्रबंधिकेच्या आराखड्यात विचारला होता. आराखडा 'साधनसामग्री उपलब्ध नाही' या शेऱ्यासह परत आला. तिने तोवर तीन मालिकांचे सारे भाग, तारखांसह, स्वतःच्या वहीत हाताने उतरवून घेतले होते.