निवारा आणि हिस्सा : वैदर्भीय वाड्यातील लेक

महेश एलकुंचवारांचे 'वाडा चिरेबंदी' (१९८५) हे सरंजामी व्यवस्थेच्या ऱ्हासाचे नाटक म्हणून वाचण्याचा परिपाठ पडला आहे. हे वाचन चुकीचे नाही. मात्र त्यात विदर्भातील सगळे वाडे एकाच मापाने मोजले जातात. नाटकातील देशपांड्यांचा वारसा वतनाचा. वऱ्हाडात जमीनधारा रयतवारी होती. वर्धा नदीच्या अलीकडे, १८६२ साली नागपूरपासून वेगळ्या झालेल्या वर्धा जिल्ह्यात, मालगुजारी होती. हिंगणघाट तालुक्यातील अल्लीपूर हे कपाशीच्या मुलखातले गाव या दुसऱ्या इतिहासात मोडते. तत्कालीन मध्य प्रदेशाच्या १९५० च्या कायद्याने मालगुजारांचा गावावरील हक्क गेला. सीर आणि खुदकास्त जमीन तेवढी राहिली. वसूल थांबला, पण खाणारी तोंडे कमी झाली नाहीत. गडीमाणसांची कामे घरातल्याच कुणाच्या तरी अंगावर आली.

नाटकात ती चंदूच्या अंगावर येतात. दादीपासून पणतवंडांपर्यंत चार पिढ्या ज्या घरात वावरतात, तेथे माया आणि राबणूक यांची हद्द आखता येत नाही. शिक्षण अडवले गेलेली प्रभा तर घराची लाडकीही आहे आणि अडगळही.

प्रभेची ही अवस्था केवळ घरातल्यांच्या स्वभावातून आलेली नाही. १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्याने मुलीला वडिलांच्या हिश्श्यात वाटा दिला, एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत जन्मसिद्ध हक्क दिला नाही. त्याच कायद्याचे तेविसावे कलम अधिक बोलके होते : अविवाहित मुलीने राहत्या घरात राहावे, पण पुरुष वारसांनी वाटणी करायचे ठरवेपर्यंत तिने ती मागू नये. निवारा आहे, हिस्सा नाही. वाड्याची रीतच जणू विधिमंडळाच्या भाषेत उतरली होती.

महाराष्ट्राने १९९४ मध्ये मुलींना जन्मसिद्ध हक्क दिला, तोही त्यापूर्वी लग्न झालेल्यांना वगळून. म्हणजे घरासाठी अविवाहित राहिलेली आत्या आत, आणि घराने थाटात सासरी पाठवलेली तिची बहीण बाहेर! २००५ च्या केंद्रीय दुरुस्तीने हा भेद मिटवला आणि तेविसावे कलमही रद्द केले.

तेव्हापासून वाड्यातील ताण बैठकीतून तलाठ्याच्या दप्तरात सरकला. बहिणी हक्कसोडपत्रावर सह्या करतात. त्यामागे दडपण असते, तसा जिव्हाळाही असतो. भाऊबीजेला माहेरचे दार उघडे राहावे, एवढाच त्या सहीचा मोबदला पुष्कळदा असतो, आणि तो खोटा म्हणता येत नाही. नणंदेच्या सहीकडे डोळे लावून बसलेल्या वहिनीला कारस्थानी ठरवणे कथाकादंबऱ्यांना सोपे गेले आहे. पण तीही कुणाची तरी बहीण असते, आणि माहेरच्या कागदावर तिची सही बहुधा आधीच झालेली असते.